घर फिरलं की वासेही फिरतात, आणि पाहुणेसुद्धा

मागच्या अंकात जाता जाता एक ओळ लिहिली होती, की सुट्टीत घरच्यांनी मिळून बघायला शंभर वर्षांपूर्वीचे ते दोन रिळांचे मूक विनोदी सिनेमे झकास आहेत, वीस-पंचवीस मिनिटांत संपतात, अमेरिकन विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटनच्या 'वन वीक'पासून सुरुवात करा (नायकही तोच). झालं. त्या एका ओळीवर जेवढी पत्रं आली तेवढी वर्षभरात आली नव्हती, निम्मी खुशीची, निम्मी वैतागाची. म्हणून या वेळी बाकीचे प्रश्न थांबवलेत आणि सगळी जागा यांनाच दिलीय.

तुमचं ऐकून 'वन वीक' लावला. सुरुवातीला ठीक होतं, पण वादळात अख्खं घर भोवऱ्यासारखं गरागरा फिरायला लागलं तिथे आमचे हे उठून गेले, म्हणाले काहीही दाखवतात. मला मात्र हसू आवरेना, पण का ते सांगताही येईना. यात नक्की हसायचं कशाला? (एक गृहिणी, सांगली)

ताई, तुमच्या ह्यांचं एवढंच चुकलं की ते उशिरा उठले. उठायचंच होतं तर पेट्या उघडल्या तेव्हाच उठायचं, कारण काहीही जे आहे ते तिथून सुरू झालंय. लग्नात काकांनी आहेर काय दिलाय तर एक प्लॉट आणि एक घर, आणि घर म्हणजे पेट्यांत भरलेले सुटे भाग, प्रत्येकावर आकडा, आकड्याप्रमाणे जोडत जायचं. नवरीने ज्याला नाही म्हटलेलं असतं तो हँक गुपचूप येऊन पेट्यांवरचे आकडे बदलून ठेवतो. बस, सगळ्या सिनेमात खोटेपणा काय तो एवढाच. इथून पुढे कीटन एकही चूक करत नाही हो! सूचनांचा कागद बघून, मन लावून, घाम गाळून तो बरोब्बर सांगितलंय तसंच घर बांधतो आणि जे उभं राहतं त्याचं छप्पर एकीकडे, भिंती दुसरीकडे, स्वयंपाकघरातलं सिंक बाहेरच्या भिंतीवर आणि वरच्या मजल्यावर एक दार असं की उघडून पाऊल टाकलं की थेट अंगणात. तो बघतो, जरा मान तिरकी करतो, आणि कामाला लागतो.

मी मागच्या दिवाळीत चपलांचं एक कपाट ऑनलाइन मागवून घरी जोडलं होतं, चार स्क्रू आणि एक फळी उरली. बायकोने विचारलं ही फळी कुठली, मी म्हटलं जास्तीची देतात. ते कपाट आज सात महिने भिंतीला टेकून उभंय आणि घरात त्याबद्दल कोणी बोलत नाही. तुम्हाला हसू आलं ना ताई, ते ह्याचं आलं. आपण सगळेच कागद बघून जोडतो आणि तिरकं उभं राहिलं की त्यात राहायला लागतो.

आता ते फिरणं. गृहप्रवेश ठेवलाय शुक्रवारी, तारीख १३, पाश्चात्त्यांच्या हिशेबात म्हणजे अमावस्येला मुहूर्त काढल्यासारखं. पाऊस येतो, छपरातून धो धो गळतं, पाहुणे आत भिजतायत आणि यजमान घरात छत्री उघडतो. मग वारा सुटतो आणि घर फिरायला लागतं, हळूहळू, मग जोरात, पाहुणे खिडक्यादारांतून बाहेर फेकले जातात. बाहेर पडलेला कीटन परत आत शिरायला बघतो, आणि इथे नीट बघा, तो ओरडत नाही, डोक्याला हात लावत नाही, तो फक्त दार कधी समोर येतंय त्याची वाट बघत उभा राहतो, चालत्या लोकलमध्ये चढणारा माणूस जसा डब्याचा दांडा येण्याची वाट बघतो तसा. येतं, उडी मारतो, हुकते. पुन्हा येतं, पुन्हा उडी. घर फिरतं का, हा प्रश्न त्याच्या डोक्यात नाहीच्चे. फिरतंय ना, मग आत कसं जायचं तेवढं बोला.

आणि तुमच्या ह्यांना लहानपणीची म्हातारीची गोष्ट आठवतेय का विचारा, लेकीकडून भोपळ्यात बसून टुणूक टुणूक परत येणारी. भोपळा रस्त्याने पळतो कसा असं त्या गोष्टीत वाघ विचारत नाही, कोल्हा विचारत नाही, आणि आपणही आजीला कधी विचारलं नव्हतं. उलट म्हातारी बाहेर पडेल की काय म्हणून जीव मुठीत धरून ऐकत होतो. फ्रान्समध्ये गोमाँ कंपनीने १९०८ साली भोपळ्यांच्या शर्यतीवर एक छोटा सिनेमाच काढला होता, त्यात गाडीतून सुटलेले भोपळे गावभर पळतात, चढावरही स्वतःच घरंगळत वर जातात आणि मागे लोकांची ही झुंबड. फिल्म उलटी चालवली की उतरणीवरचा भोपळा चढतो, एवढीच जादू.

शेवट सांगू नये पण ह्यांनी बघितलेला नाही म्हणून सांगतो. वादळानंतर कळतं की घर चुकीच्या प्लॉटवर बांधलंय, नंबराची पाटी उलटी लागली होती, ६६ चे ९९ झाले होते (इंग्रजी आकड्यांत होतात, आपल्यात नाही, आपले आकडे सज्जन आहेत). मग घर खाली पिंपं लावून ओढत न्यायचं, आणि ते नेमकं रेल्वेच्या रुळांवर अडकतं. गाडी येते. दोघं डोळे मिटून घेतात. गाडी शेजारच्या रुळावरून धडधडत निघून जाते. हुश्श होतं, आणि त्या हुश्शवर उलट्या दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा भुगा करून जाते. कीटन काय करतो, त्या ढिगाऱ्यावर 'विकणे आहे'ची पाटी लावतो, दोन पावलं जातो, परत येतो आणि पाटीला जोडणीच्या सूचनांचा कागद अडकवतो. तो कागद बघायला तरी ह्यांना परत बसवा.

घर खरंच फिरवलं होतं की छोटं मॉडेल वापरलं? आमच्या हॉस्टेलवर यावरून पैज लागलीय. (इंजिनियरिंगचा विद्यार्थी, कराड)

खऱ्या मापाचं घर, भाऊ. एका मोठ्या फिरत्या तबकडीवर बांधलेलं, खालून फिरवायची सोय केलेली. १९२० चा सिनेमा आहे, कॉम्प्युटर सोडा, आवाजसुद्धा यायचाय अजून. रेल्वेने उडवलं तेही खरं घर. पैज जिंकला असलास तर ठीक, हरला असलास तर हे सांग की ही कल्पना पण हवेतून आलेली नाही, फोर्ड मोटर कंपनीने १९१९ मध्ये कारखान्यात तयार भागांची घरं कशी उभी करतात यावर एक माहितीपट काढला होता, भलता गंभीर, कीटनने त्याचाच फालुदा केला.

आणि तू इंजिनियरिंगवाला आहेस तर कीटनचं एक तुला आवडेल. हा माणूस १९१७ साली रॉस्को आर्बकल या तेव्हाच्या विनोदी नटाच्या सेटवर पहिल्यांदा गेला तेव्हा त्याने सगळ्यात आधी कॅमेऱ्याची चौकशी केली, तो आतून कसा चालतो ते उघडून समजून घेतलं. त्याआधी तो आईबापांबरोबर स्टेजवर काम करायचा, पोरगा असताना त्याच्या कपड्यांना सुटकेसची मूठ शिवलेली असायची म्हणजे बापाला त्याला उचलून फेकायला बरं. आपटल्यावर आपण हसलो तर लोक कमी हसतात आणि चेहरा दगडासारखा ठेवला तर जास्त हसतात हे त्याला तिथेच कळलं. पुढे जन्मभर तोच चेहरा.

'द प्लेहाउस'मध्ये एकाच फ्रेममध्ये नऊ कीटन नाचतात, ते कसं केलं ते सांगाच. आणि दुसरी गोष्ट, त्या नऊ जणांची तोंडं काळी रंगवलेली आहेत. माझ्या मुलीला शाळेत ब्लॅकफेसबद्दल शिकवलंय, तिने विचारलं बाबा हे फनी आहे का, आणि मला उत्तर देता आलं नाही. (एक वाचक, न्यू जर्सी)

पहिलं सोपं आहे म्हणून आधी घेतो, म्हणजे सांगायला सोपं. १९२१ चा सिनेमा. कॅमेऱ्याच्या भिंगापुढे एक बंद खोका बसवला, त्याला नऊ उभ्या झडपा. एक झडप उघडायची, बाकी आठ बंद, कीटन त्याच्या जागी उभा राहून नाचणार. मग झडप बंद, तीच फिल्म हाताने उलटी फिरवून सुरुवातीला आणायची, दुसरी झडप उघडायची, कीटन एक पाऊल सरकून पुन्हा तेच. असं नऊ वेळा, एकाच फिल्मवर. कॅमेरा हाताने फिरवायचा असायचा, मोटर नाही, म्हणजे एल्गिन लेसली या कॅमेरामनने नवव्या वेळेला हँडल पहिल्या वेळेच्याच वेगाने फिरवायला हवं, नाहीतर नऊ जणांचे पाय नऊ तालांत. त्यासाठी तालाचं यंत्र लावून ठोके घ्यायचे, आपल्याकडे तबल्याच्या रियाजाला लेहरा धरतात तसं. आणि एकदा चुकलं की नऊच्या नऊ कचऱ्यात.

त्या सिनेमात वाद्यवृंद कीटन, पडदा ओढणारा कीटन, प्रेक्षकांतला नवरा कीटन आणि बायको पण कीटन. वरच्या बॉक्समध्ये एक चावट पोरगं (कीटनच) लॉलीपॉप चोखतंय, ते हातातून सुटून खालच्या बॉक्समधल्या म्हाताऱ्या बाईंच्या (कोण असणार) मांडीवर पडतं, आणि बाई नाटक बघायच्या नादात तो चिकट लॉलीपॉप दांडीच्या चष्म्यासारखा डोळ्याला लावतात. छापील कार्यक्रमपत्रिकेत सगळीकडे एकच नाव. ही थट्टा त्या काळातले निर्माते थॉमस इन्स यांच्यावर होती, जे प्रत्येक गोष्टीवर स्वतःचं नाव घालायचे. मला वाटतं अशी एक नाट्यसंस्था आपण सगळ्यांनी बघितलीय, नाव नको.

आता तुमच्या मुलीचा प्रश्न. ते फनी नाही, असंच सांगा. गोऱ्या नटांनी तोंडं काळी करून काळ्या माणसांची टिंगल करायची हा अमेरिकेत तेव्हा वर्षानुवर्षं चाललेला स्टेजचा प्रकार होता, कीटन त्याच स्टेजवर वाढला आणि त्याने तो तसाच उचलला, विचारही केला नसेल, आणि विचार न करणं हीच तर त्यातली वाईट गोष्ट. कसब अफाट आहे आणि वेष घाणेरडा आहे, दोन्ही एकाच फ्रेममध्ये, तिथे झडप बसवता येत नाही. मी स्वतः तो भाग दाखवताना आधी दोन वाक्यं सांगतो मग दाखवतो. मुलगी तुमच्यापेक्षा हुशार निघाली त्याबद्दल अभिनंदन.

या चक्रम विनोदाची सुरुवात कीटन-चॅप्लिननेच केली का? (निवृत्त शिक्षक, मिरज)

नाही सर, सिनेमा रांगत होता तेव्हापासून आहे. सिनेमाच्या सुरुवातीच्या काळातल्या फ्रान्सच्या ल्यूमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये २८ डिसेंबर १८९५ ला पहिला जाहीर तिकीट-खेळ केला त्यात एक मिनिटभराचा माळ्याचा गंमतपट होता. माळी झाडांना पाणी घालतोय, पोरगं मागून पाइपवर पाय ठेवतं, पाणी बंद, माळी तोंडासमोर धरून बघतो, पोरगं पाय काढतं, फवारा तोंडावर. हे साधं झालं. पण पुढे बघा, पोरगं पळतं, माळी त्याला धरतो आणि फटके द्यायला पुन्हा ओढत फ्रेमच्या मधोमध आणतो! वास्तविक जिथे सापडला तिथे बडवायचा ना, पण नाही, प्रेक्षकांना दिसलं पाहिजे. मला त्या फवाऱ्यापेक्षा ह्याचं जास्त हसू येतं.

खरे वेडे म्हणजे इंग्लंडमधले. सेसिल हेपवर्थने १९०० मध्ये मोटारीच्या स्फोटाचा सिनेमा काढला, मिनिट-दीड मिनिटाचा. चार माणसं मोटारीतून मजेत येतायत, धडाम, धूर. पोलीस येतो, दुर्बीण काढून आभाळात बघतो, बराच वेळ काही नाही, आणि मग वरून हात, पाय, तंगड्या एकेक करून पडायला लागतात आणि पोलीस काय करतो, ते गोळा करतो, नीट लावतो आणि वहीत नोंद करतो. पंचनामा चालू! कुठलंही सरकारी ऑफिस बघितलेल्या माणसाला यात काही समजावून सांगावं लागत नाही. त्याच वर्षी त्याने आणखी एक केला, मोटार थेट आपल्या अंगावर येते, म्हणजे कॅमेऱ्यावर, पडदा काळाठिक्कर होतो आणि त्यावर उद्गारचिन्हं आणि आईला आनंद होईल अशा अर्थाचे शब्द उमटतात.

आणि १९०१ चा जेम्स विल्यमसन, ब्रायटनजवळ होव्हला राहणारा, मूळचा औषधांच्या दुकानवाला. त्याच्या सिनेमात एका गृहस्थाला फोटो काढलेला आवडत नाही. तो कॅमेऱ्याकडे भांडत येतो, जवळ, अजून जवळ, आता फक्त तोंड, आता नुसता जबडा, आणि त्या काळ्या गुहेत कॅमेरा पडतो, पाठोपाठ कॅमेरामन पण पडतो. मग गृहस्थ चावत चावत मागे जातात, समाधानाने. इथे सर एक मिनिट थांबा, कॅमेरा जर गिळला, तर हे चावणं दाखवतंय कोण? मी ह्या एका गोष्टीवर मित्राशी रात्री दीड वाजेपर्यंत वाद घातलाय, आणि तो सीए आहे.

आपला धागा म्हणाल तर ल्यूमिएर मंडळींची फिल्म मुंबईत ७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात दाखवली गेली, एक रुपया तिकीट, सहा छोट्या फिल्म्स. त्यांत एक 'डिमॉलिशन' होती, भिंत पाडतानाची. हीच भिंत त्यांनी पुढे उलटी चालवून दाखवायला सुरुवात केली, म्हणजे धूळ उठते आणि पडलेली भिंत आपली आपण उभी राहते. बिल्डर लोकांनी मनावर घ्यायला हरकत नाही.

जुन्या सिनेमात माणसं एवढी तुरुतुरु का पळतात? (आठवीतली मुलगी, चिपळूण)

बऱ्याच वेळा ती पळत नव्हती गं, आपण पळवतोय. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण सोळा-अठरा फोटो पडायचे, वेग ज्याच्या त्याच्या मनगटावर. नंतर बोलपट आल्यावर सेकंदाला चोवीस ठरले. सोळावाली फिल्म चोवीसने दाखवली की आजोबापण तुरुतुरु. पण विनोदी सिनेमावाले मुद्दाम पण हळू फिरवायचे म्हणजे पडद्यावर धावपळ दुप्पट वाटते. आणि फ्रान्सच्या झाँ द्युराँने तर १९१२ मध्ये ह्याचीच गोष्ट केली, ओनेझिम नावाच्या गड्याला वारसा मिळणार असतो पण वीस वर्षांनी, त्याला दम निघत नाही, मग तो शहराचं मुख्य घड्याळच बिघडवून काळ जोरात पळवतो. सगळं पॅरिस तुरुतुरु, ह्याचं लग्न होतं, पोर होतं, आणि पोर बघता बघता बाप्या होतं. तुझ्या बाबांना विचार, त्यांचंही मत साधारण हेच असेल.

मला चॅप्लिन आवडतो. तो रडवतो पण. तुमचा कीटन नुसता आपटतो. चॅप्लिन यात बसत नाही का? (चॅप्लिनभक्त, नाशिक)

बसतो की! 'माझा' कीटन वगैरे नको, मी दोघांचाही. तुम्ही १९१६ चा 'द पॉनशॉप' काढा आणि घड्याळाचा सीन लावा, मध्ये फोन घेऊ नका. चार्ली सावकाराच्या दुकानात नोकर आहे. एक माणूस पडेल चेहऱ्याने गजराचं घड्याळ गहाण ठेवायला येतो. चार्ली घड्याळाला स्टेथोस्कोप लावतो, कान देतो, बोटांनी ठोकून बघतो, डॉक्टर छाती ठोकतात तसं. मग गिरमिट लावतो. मग डबा फोडायच्या ओपनरने मागचं झाकण कापून काढतो आणि आत नाक घालून वास घेतो, बांगडा शिळाय का बघावं तसा चेहरा. मग दातांच्या डॉक्टरसारखं पकडीने एक तुकडा उपटतो. स्प्रिंग बाहेर ओढून रिबिनीसारखी हातभर मापतो. शेवटी सगळं घड्याळ टेबलावर पालथं, नुसते सुटे भाग, आणि ते वळवळायला लागतात! खरंच, किड्यांसारखे. तर हा त्यांच्यावर तेलाचे दोन थेंब सोडतो आणि ते शांत होतात. मग सगळा कचरा झाडून त्या माणसाच्या हॅटमध्ये भरतो आणि मान हलवतो, नाही, आम्ही घेत नाही असलं.

तो गिऱ्हाईक झालेला नट अल्बर्ट ऑस्टिन, त्याचं तोंड बघत राहा. तो हूं का चूं करत नाही, कारण समोरचा माणूस इतक्या आत्मविश्वासाने करतोय म्हणजे त्याला माहीत असणार. आपण सगळे कधी ना कधी कुठल्यातरी काउंटरवर त्या ऑस्टिनसारखे उभे राहिलोय, मोबाइल दुरुस्तीला टाकलेला, समोरचा पोरगा चिमट्याने काहीतरी उपटतोय आणि आपण मान डोलावतोय. माझा गेला तो फोन, असो.

फरक एवढाच सांगेन की चार्लीच्या हातात वस्तू दुसरीच वस्तू होते, घड्याळ कधी पेशंट, कधी डबा, कधी दात. कीटनकडे वस्तू वस्तूच राहते, तीच ह्याच्यावर चालून येते. 'द हाय साइन'मध्ये तो पेपर उघडतो, एक घडी, अजून एक घडी, अजून, शेवटी चादरीएवढा पेपर होतो आणि तो त्यात गुरफटून पडतो. पण त्याच सिनेमात तो भिंतीवर ब्रशने खुंटी काढतो आणि तिच्यावर हॅट अडकवतो, आणि ती राहते. म्हणजे माझा सिद्धांत गेला. जाऊ दे.

मुलांना दाखवायला कीटन-चॅप्लिन सोडून अजून कोण? (दोन मुलांचा बाप, पुणे)

चार्ली बॉवर्स. ऐकलं नसणार, कारण सगळं जग त्याला विसरलं होतं. अमेरिकन माणूस, मूळचा कार्टूनवाला, १९२६ ते १९२८ मध्ये त्याने खऱ्या माणसांच्या मध्ये फ्रेम-फ्रेम हलवलेल्या बाहुल्या आणि यंत्रं घालून दोन रिळांचे सिनेमे केले. पुढे त्यांतली काही रिळं फ्रान्सला तुलूजच्या फिल्म संग्रहालयाच्या हाती लागली, डब्यांवर नाव 'ब्रिकोलो', आणि हा ब्रिकोलो कोण ते शोधता शोधता बॉवर्स सापडला. 'एग्ड ऑन' लावा. न फुटणारी अंडी करणारं यंत्र बनवायचंय, अंडी गोळा करून मोटारीच्या बॉनेटमध्ये ठेवली, इंजिनाच्या उबेने ती उबली आणि फोडून बाहेर काय आलं तर छोट्या छोट्या मोटारी, एकेक करून पंखांसारखं अंग झटकत उलगडतात आणि आईच्या, म्हणजे मोठ्या गाडीच्या, पोटाखाली जाऊन बसतात. माझ्या भाच्याने तो भाग सलग सहा वेळा लावला आणि नंतर पार्किंगमध्ये जाऊन आमच्या गाडीच्या खाली वाकून बघितलं.

आपल्याकडे मूकपटांच्या काळात असलं काही झालं का? की सगळं देवादिकांचंच? (एक वाचक, गिरगाव)

गिरगावातून हा प्रश्न म्हणजे कमाल. तुमच्याच भागात कॉरोनेशन थिएटरला ३ मे १९१३ ला 'राजा हरिश्चंद्र' लागला, आणि जाहिरातीत सिनेमाच्या जोडीला नाच, विनोदी स्केच आणि पायांनी कसरती करणारा कलाकार असा सगळा मसाला होता. दादासाहेब फाळके स्वतः जादूचे प्रयोग करायचे, नाव काय घ्यायचे तर प्रोफेसर केळफा, फाळके उलटं वाचा! ज्याने स्वतःचं आडनावच रिव्हर्समध्ये चालवलं त्याला चक्रमपणा कळत नव्हता असं कोण म्हणेल. सिनेमाला पैसे उभे करायला त्यांनी १९१२ मध्ये वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी टिपून दाखवली, महिन्याभराचं काम मिनिटभरात, म्हणजे त्या ओनेझिमचंच घड्याळ, फक्त इथे कोणी हसत नाही, तोंडात बोट घालतं. 'पिठाचे पंजे' नावाचा छोटा विनोदी पट पण त्यांनी केला. पण बहुतेक कारागिरी पुढे मारुती उडवण्यात आणि कालिया मर्दनात लागली, आणि खरं सांगू का, तीच ट्रिक फ्रान्समध्ये भोपळ्याला लावली तर हसतात आणि आपल्याकडे देवाला लावली तर हात जोडतात. मला दोन्ही चालतं.

मूकपटात शब्दांवरचा विनोद असू शकतो का? आमच्या भाषा मंडळात चर्चा चाललीय. (मराठीच्या प्राध्यापिका, गोवा)

मॅडम, असू शकतो, आणि तो भाषांतराला महाकठीण पण असू शकतो. कीटनचा 'द बोट', १९२१. गड्याने घराच्या खाली गॅरेजमध्ये बोट बांधलीय, ती दारापेक्षा मोठी, ओढून काढताना निम्मं घर सोबत येतं आणि उरलेलं कोसळतं. बोट पाण्यात सोडतात, कीटन डेकवर ताठ उभा, आणि बोट सरकत सरकत तशीच सरळ खाली जाते, तो हलत नाही, पाणी गळ्यापर्यंत, मग फक्त हॅट. (ती बोट शूटिंगला बुडता बुडेना, शेवटी पाण्याखालून दोर बांधून ओढावी लागली म्हणे.) पुढे समुद्रात भोक पडतं, बायकोने केलेला पॅनकेक चावत नाही म्हणून तो त्या भोकाला ठिगळ म्हणून लावतो, आणि तळात पाणी साठलं तर ते जावं म्हणून तळालाच अजून एक भोक पाडतो.

तर ह्या बोटीचं नाव 'डॅमफिनो'. इंग्रजीत भरभर म्हटलं की होतं, 'मला काय ठाऊक'. तुम्हाला मराठीत ऐकवतो, समजा बोटीचं नाव 'कुणास ठाऊक'. वादळात तो वायरलेसवर मदत मागतो. तिकडचा माणूस विचारतो, कुठली बोट? हा कळवतो, कुणास ठाऊक. तो म्हणतो, मलाही नाही, आणि बंद करतो. बोट बुडते. रात्री काळोखात चौघं, नवरा, बायको आणि दोन पोरं, एका टबात बसून कुठल्यातरी किनाऱ्याला लागतात. बायको विचारते, आपण आलो कुठे? कीटन तिच्याकडे वळून काहीतरी म्हणतो, पडद्यावर पाटी येत नाही, अक्षरं नाहीत, नुसते ओठ हलतात.